मल्लिकार्जुन हेळव्याची चूक

इथली नावं मी बदलली आहेत. गावाचं नाव तर मुळीच सांगणार नाही. कंधार तालुक्यात आहे एवढं पुरे, आणि तालुका तरी खरा आहे का, हेही कोणी विचारू नये. हेळव्याचा धंदासुद्धा बदलून टाकावा असं एकदा मनात आलं होतं. पण मग सांगण्यासारखं काही उरलंच नसतं.

हेळवी म्हणजे काय, हे आजकाल शहरातल्या माणसाला सांगावं लागतं. घराण्याची पिढी तोंडपाठ सांगणारा माणूस. दर तीन वर्षांनी, रब्बीची ज्वारी घरात आली की तो येतो, अंगणात घोंगडीवर बसतो आणि मूळ पुरुषापासून पाळण्यातल्या पोरापर्यंत सगळं घराणं एका चालीत सांगतो. नुसती नावं नव्हेत. कोण कुठून आला, विहीर कोणी खोदली, रझाकारांच्या वेळी कोण तीन दिवस कडब्याच्या गंजीत लपला, कोणाची सोयरीक ऐन वेळी मोडली, सगळं. वारलेल्याच्या नावापुढं तो 'होऊन गेले' म्हणतो, जिवंत असलेल्याच्या नावापुढं 'नांदतो'. आमच्या घरची रीत अशी, की प्रत्येक नावाला घरातल्या थोरल्या बाईनं सुपात एक मूठ ज्वारी टाकायची. पिढी संपली की ते सूप हेळव्याचं.

आमचा हेळवी मल्लिकार्जुन, राहणारा उदगीरचा. माझा त्याच्यावर लहानपणापासून संशय होता.

दहा वर्षांची असताना मी त्याला विचारलं होतं, माझं नाव कधी येणार. तो म्हणाला, "तुमचं नाव तुमच्या सासरच्या हेळव्याकडं, आक्का." दहा वर्षांच्या पोरीला आक्का म्हणणारा माणूस मला तेव्हाच गोडबोल्या वाटला. पुढं लग्न होऊन मी लातूरला आले, तर सासरी हेळवी येतच नव्हता. म्हणजे मी कोणाच्याच पिढीत नाही. शिवाय मी शाळेत गणित शिकवते. कॉपी पकडण्यात माझा हात धरणारं आमच्या शाळेत कोणी नाही, आणि ज्याचा ताळा करता येत नाही ते मला पटत नाही. आमचा सात पिढ्यांमागचा कोणी रामजी विहीर खोदून देवाघरी गेला की विहिरीत पडून, हे तपासणार कोण? हा म्हणतो आणि आम्ही ज्वारी टाकतो.

गंमत अशी, की तो माझ्याहून संशयी होता. नवं नाव पिढीत घालायचं तर त्याला दोन तोंडं लागायची. अंगणात पुरुष मंडळी सांगतात ते एक तोंड. तेवढ्यात त्याची बायको पार्वतम्मा मागच्या दारानं चुलीपाशी जाऊन बसलेली असायची. बायका सांगतात ते दुसरं. दोन्ही जुळलं तरच नवी नावं टिपायची वही उघडायची. माझ्या चुलत्यानं एकदा धाकट्या पोराचं जन्मसाल दोन वर्षांनी पुढं ढकलून सांगितलं होतं, शाळेत घातलं होतं तसं. आत चुलतीनं खरं सांगून टाकलं. मल्लिकार्जुननं चुलत्यापुढं चुलतीचं साल लिहिलं आणि चुलता वर्षभर चुलतीशी धड बोलला नाही. पिढी सांगून होईपर्यंत तो कोणाच्या घरचा चहासुद्धा घेत नसे. चहा घेतला की माणूस मिंधा होतो, असं त्याचं म्हणणं.

आता आमच्या घरातलं सांगते. आम्ही तिघं. थोरली मी, मधला बालाजी, धाकटा वैजनाथ. बालाजी कंधारला विहिरीवरच्या मोटारी दुरुस्त करायचा. हाताचा हुशार, डोक्याचा तापट, थेट आमच्या वडिलांसारखा. २००४ सालची गोष्ट. देगलूरकडच्या एका परजातीच्या मुलीशी लग्न करणार म्हणून त्यानं घरी सांगितलं आणि आठवड्याभरातच हेळवी आला. अंगणात भावकी बसलेली, माय सूप घेऊन बसलेली. पिढी बालाजीपर्यंत आली तेव्हा वडिलांनी, शेषेरावांनी, हात वर करून थांबवलं.

"मल्लिकार्जुना, याचं नाव पिढीतून काढ."

मल्लिकार्जुननं मायच्या सुपाकडं पाहिलं. मग म्हणाला, "मालक, नाव घालणं माझ्याकडं हाय. काढणं न्हाई."

"मंग कुणाकडं हाय?"

"मला ठाऊक न्हाई. माझ्या बापानं ते शिकिवलंच न्हाई."

बालाजी दाराशी उभा होता. तो म्हणाला, "काढा न्हाईतर ठिवा. पन आजपासून या घरात माझं नाव कुणी घ्यायचं न्हाई." आणि गेला. दुपारची कंधारची बस त्यानं धरली हे गावातल्या चौघांनी पाहिलं. त्यानंतर त्याला कोणी पाहिलं नाही. मायच्या हातात ज्वारीची मूठ तशीच होती.

तीन वर्षांनी हेळवी पुन्हा आला. आम्ही सगळे त्या एका नावाची वाट बघत बसलो होतो. "शेषेरावाच्या पोटी दोघं. थोरला बालाजी, नांदतो. धाकटा वैजनाथ, नांदतो." वडील उठून गोठ्याकडं गेले. मायनं मूठ टाकली. मी मात्र त्याला नंतर गाठलंच. म्हटलं, "तुम्हाला दोन तोंडं लागतात ना? बालाजी नांदतो हे कोण्या दोघांनी सांगितलं?"

तो म्हणाला, "मेला म्हणायलाबी दोन तोंडं लागतात, आक्का. तवर नांदतो."

उत्तर इतकं चोख होतं की माझा संशय वाढला. वर्गात असं तयार उत्तर देणाऱ्या पोराचा खिसा मी आधी तपासते.

वडील २०१४ साली गेले. बालाजी मातीला आला नाही, दहाव्याला नाही, तेरवीला नाही. माय तेरा दिवस दाराकडं तोंड करून जेवली. त्यानंतर आमच्या घरात जो तो दुसऱ्यावर लक्ष ठेवू लागला. वैजनाथला वाटायचं, बालाजीचा पत्ता मला माहीत आहे आणि मी लातुरातून त्याला भेटते. मला वाटायचं, बालाजीचं पत्र-बित्र आलं असेल तर वैजनाथनं ते चुलीत घातलं असेल. भावकीला वाटायचं, आम्ही दोघं मिळून काहीतरी शिजवतो आहोत. आणि सगळ्यांना मिळून वाटायचं, माय हेळव्याला आतून काहीतरी देते, म्हणून तो दर खेपेला 'नांदतो' म्हणतो.

२०१६ साली मी पर्समध्ये मोबाईल चालू ठेवून त्याची सगळी पिढी भरून घेतली. २०१९ साली पुन्हा. लातूरला दार लावून दोन्ही एकापाठोपाठ ऐकल्या. म्हटलं, आता पकडते. अडीच तासांची पिढी, आणि शब्दाला शब्द तोच. विहीर तीच, कडब्याची गंजी तीच, सोयरीक मोडण्याचं कारणसुद्धा तेच. माझा हिरमोड झाला, खोटं कशाला बोलू. फरक एकच सापडला. २०१६ साली "बालाजी, नांदतो" म्हणून तो लगेच वैजनाथवर आला होता. २०१९ साली बालाजीच्या नावानंतर तो थांबला होता. एक अख्खं नाव बसेल एवढं. मला वाटलं, वय झालं, दम लागला असेल. पण बाकी कुठंच दम लागलेला नव्हता. २०२२ साली मी पुन्हा आवाज भरून घेतला आणि ती जागा पुन्हा तिथंच होती.

याला काहीतरी माहीत आहे, एवढं पक्कं झालं. आणि मी लावलेला अर्थ हा: बालाजी मेला आहे, याला ते कळलं आहे, आणि म्हातारीच्या मुठीसाठी हा तिला खोटं सांगतो आहे.

त्या उन्हाळ्यात मी उदगीरला गेले. रेल्वेच्या पलीकडं, पत्र्याच्या घरांच्या रांगेत त्याचं घर. तो औशाकडच्या गावांना गेला होता, हे मी आधी विचारूनच गेले होते. पार्वतम्मा तूर निवडत बसली होती. तिनं माझ्यासमोर सूप सरकवलं आणि मीही निवडायला बसले. बाईकडून काही काढून घ्यायचं असेल तर तिच्याबरोबर काम करावं, हे मी तिच्याकडूनच शिकले होते.

तिनं नवऱ्याबद्दल पुष्कळ सांगितलं. मल्लिकार्जुनचा जन्म वाटेवरचा, औशाजवळ कोणाच्या तरी शेतातल्या आखाड्यावर. बाप बैलावर बसून पुढं, पोरगं बैलामागं चालत. बाप चालता चालता मधलंच एखादं नाव टाकायचा आणि पोरानं तिथून वर मूळ पुरुषापर्यंत आणि खाली पाळण्यापर्यंत जायचं. अडखळला तर पुढच्या गावापर्यंत भाकरी नाही. चौथीपर्यंत उदगीरच्या शाळेत होता. मास्तर म्हणाले, पोरगं कारकून होईल. बाप म्हणाला, कारकून लई हायत, आणि दप्तर काढून घेतलं. एकोणिसाव्या वर्षी कंधारकडच्या एका घरात बापाचा आवाज ऐन पिढीत बसला. बाहेर बैल धरून उभ्या असलेल्या मल्लिकार्जुननं तिथूनच पुढची सात नावं म्हटली, आणि त्या दिवसापासून ती सगळी गावं त्याची झाली.

"तीन बैल झाले," पार्वतम्मा म्हणाली. "तिसरा मेला तवा लुना घेतली. ती बी मेली. आता यष्टीनं जातो, अर्ध्या तिकिटात." पोरं दोन. एक हैदराबादला गाडी चालवतो, एक उदगीरातच कापडाच्या दुकानात आहे. कोणी शिकलं नाही. थोरला म्हणाला, सगळं मोबाईलात भरून ठेवा. "संशयी तर असा, म्या चहा दिला तर इचारतो साखर कुणाकडनं आणली. चाळीस वर्सं झाली लग्नाला."

औशाकडचा एक किस्सा तिनं अभिमानानं सांगितला. तिथल्या एका बड्या निपुत्रिक माणसाच्या पोटी आपलं नाव घाल, म्हणून एका पुतण्यानं मल्लिकार्जुनच्या बैलावर ज्वारीची दोन पोती लादली होती. यानं वेशीपाशी जाऊन पोती उघडून बघितली, उलटा फिरला, आणि पुतण्याच्या दारात दोन्ही पोती रिकामी केली. जे नाव त्या घरचं नाही, त्याचा दाणा त्यानं जन्मात घेतला नव्हता. पार्वतम्मा म्हणाली, तसला दाणा पोटात गेला तर पिढी आठवत नाही, असं त्याचा बाप सांगून गेला होता.

मग मी सहज विचारल्यासारखं विचारलं, "आमच्या बालाजीचं काही बोलतात का कधी?"

तिचा हात थांबला. फार नाही, तूर निवडताना खडा लागला तर थांबतो तेवढाच. "घरोघर बालाजी हायत, आक्का," ती म्हणाली आणि चहा टाकायला उठली. मी परतीच्या बसमध्ये रडले. बालाजी मेला याची मला खात्री पटली होती.

हे मी कोणाला सांगितलं नाही. आमच्या घरात बातमी सांगितली की ती कोणाच्या ना कोणाच्या कामाची होते.

आणि गेल्या खेपेला ती वेळ आलीच. वडिलांच्या मागं जमिनीवर चौघांची नावं लागली होती: माय, मी, वैजनाथ आणि बालाजी. वैजनाथला वाटणी करून घ्यायची होती आणि बालाजीच्या सहीवाचून काहीच हलत नव्हतं. कंधारचे वकील म्हणाले, इतकी वर्षं माणसाची खबर नाही, कोर्टाकडून तो मयत ठरवून घेता येतो. पण आईची सही लागेल. माय सही करणार नाही हे वैजनाथला ठाऊक होतं. ती फक्त एका माणसाचं ऐकेल, हेही ठाऊक होतं. वैजनाथ वाईट नाही. वीस वर्षं मायला त्यानं आणि त्याच्या बायकोनंच सांभाळलं आहे. मी आपली दिवाळीला साडी घेऊन येते. हे सांगितलं नाही तर माझ्यावरच संशय येईल.

त्यानं मला फोन केला. "हेळव्याला दोन तोंडं लागतात न्हवं? एक माझं. दुसरं तुझं. त्यानं अंगणात एकदा 'होऊन गेला' म्हणलं की मायच्या जिवाला बी घोर न्हाई."

मी हो म्हटलं नाही. नाही असंही म्हटलं नाही. मला खरोखर वाटत होतं की मायचं हे वाट बघणं आता संपावं. फोन वाजला की अजूनही ती हातातलं काम टाकून उठायची.

मल्लिकार्जुन सकाळी नऊच्या बसनं आला. खूप वाकला होता, पिशवी खांद्यावरून घसरत होती. भिंतीला पाठ लावून घोंगडीवर बसला. चहा नको म्हणाला. माय आत सूप भरत होती. वैजनाथ त्याच्यासमोर उकिडवा बसला आणि हळू आवाजात म्हणाला, "आप्पा, पिढीत एक बदल हाय. बालाजी गेला. दोन तोंडं हायत, एक माझं, एक आक्काचं."

मल्लिकार्जुननं माझ्याकडं पाहिलं. "आक्का, हे तुमचं तोंड हाय का?"

मी जन्मभर पोरांना खोटं बोलताना पकडत आले. खोटं बोलताना तोंड इतकं कोरडं पडतं हे मला माहीत नव्हतं. मी म्हटलं, "हाव."

त्यानं पिशवी बाजूला सारली. माय सूप घेऊन बाहेर आली, बसली, पदर सारखा केला. भावकी जमली. त्यानं सुरुवात केली. आवाज बारीक झाला होता पण चाल तीच. रामजी आला, विहीर आली, कडब्याची गंजी आली आणि तिथं पोरं हसली. नावामागं मूठ पडत होती. शेषेराव आले, होऊन गेले. मायनं मूठ टाकली आणि पुढची मूठ हातात धरून बसली.

"शेषेरावाच्या पोटी दोघं," तो म्हणाला. "थोरला बालाजी, नांदतो. बालाजीच्या पोटी सत्यम, नांदतो."

चाल तुटली नाही, म्हणून कोणाच्या लगेच ध्यानातही आलं नाही. मायनं बालाजीची मूठ टाकली होती. आणि सत्यमचीही टाकली होती.

वैजनाथ उठून उभा राहिला. "कोण सत्यम?"

"कुठला सत्यम?" मल्लिकार्जुन म्हणाला.

"आत्ता बोलला न्हाई का तुम्ही? बालाजीच्या पोटी सत्यम म्हणून?"

त्यानं तोंडावरून हात फिरवला. वैजनाथकडं, मग भावकीकडं पाहिलं. "चुकलो मालक," तो म्हणाला. "दुसऱ्याच घरचं नाव आलं. म्हातारा झालो, याद ऱ्हाईना."

चुलता मोठ्यानं हसला. हेळवी सटकला, असं कोणीतरी मागून म्हणालं. ज्याची एक चूक माझ्या मोबाईललाही सापडली नव्हती, तो माणूस पन्नास जणांपुढं चुकलो म्हणत होता, आणि त्याची मान खाली होती.

"मंग चुकीच्या नावाची मूठ माघारी द्या," वैजनाथ म्हणाला.

मल्लिकार्जुननं सुपात हात घातला. मी त्या हाताकडं बघत होते. माय पण तिकडंच बघत होती. औशाची दोन पोती रिकामी करणारा तो हात ज्वारीत तसाच राहिला. किती वेळ राहिला कोण जाणे. मग रिकामाच बाहेर आला.

"मिसळली मालक," तो म्हणाला. "आता कुठली काढू?"

त्यानं पिढी पुढं नेली, वैजनाथ, त्याची पोरं, सगळी नांदवली, आणि सुपातली सगळी ज्वारी स्वतःच्या पिशवीत ओतून घेतली. तो निघाला तेव्हा मायनं त्याला पाण्याचा तांब्या दिला आणि म्हणाली, "सावकाश जावा, आप्पा." त्या दुपारी वैजनाथनं वकिलाचे कागद पुढं ठेवले तर म्हणाली, माझा हात दुखून राहिला. पुढच्या आठवड्यातही दुखत होता. अजून दुखतो. एरवी त्याच हातानं रोज दोन घागरी भरते.

वैजनाथनं मात्र हेळव्याला सोडलं नाही. सोयऱ्याधायऱ्यांना फोन केले की याला आता नावं आठवत नाहीत, कोणाच्याही पोटी कोणालाही घालतो. कोणी हसण्यावारी नेलं, पण पुष्कळांनी मनावर घेतलं. पिढी सांगणाऱ्याची एक चूक म्हणजे काय थोडी गोष्ट आहे? अक्षय तृतीयेच्या आत अकरा गावांनी त्याला दारातून परत लावलं. मला कळलं तेव्हा मी सुट्टी टाकून उदगीरला गेले.

भर हंगामात तो घरी बसला होता. पार्वतम्मानं मला बसायला पोतं दिलं. मी म्हटलं, "आप्पा, त्या दिवशी मी खोटं बोलले."

"ठाऊक हाय."

"तुम्हीबी खोटं बोलला. तुम्ही चुकला न्हाईत. मुद्दाम बोललात."

त्यानं पार्वतम्माला दार लोटायला सांगितलं. ती बाहेर डोकावून बघून आली. तरी तो हळूच बोलला.

"फिरतीवर गाठ पडली त्याची. जबान दिलती त्याला, आक्का, घरी सांगणार न्हाई म्हणून. सांगितलं तर हे गाव बी सोडीन म्हणला. एकदा सोडणारा माणूस. दुसऱ्यांदा सोडला तर म्या कुठं हुडकू? आन हितं तुमची दोन तोंडं झाली. माझ्याच कायद्यानं मला त्याला मारावं लागत हुतं, मायच्या समोर." त्यानं दाराकडं पाहिलं. "मंग चुकलो. चुकल्याला जबान मोडली म्हणत न्हाईत."

चाळीस वर्षं मी या माणसाला लबाड समजत होते. मी म्हटलं, "मी भावकीत सांगते, हेळवी चुकला न्हाई म्हणून. तुमची गावं तुम्हाला माघारी मिळायला पाहिजेत."

"आन मंग लोक इचारतील, सत्यम कुठं हाय. वैजनाथराव गाडी काढंल. त्याच्या कानावर जाईल, तो लेकराला घिऊन निघंल." त्यानं मान हलवली. "तुम्हाला सांगायचंच आसंल तर हे सांगा, की म्हातारा भ्रमला. तुमचं लोक ऐकतात. मास्तरीण हाव तुम्ही."

"आन तुमची गावं?"

"गेली."

मी उठले. दाराशी जाऊन न राहवून विचारलं, "बरा हाय का तो?"

"कोण?" मल्लिकार्जुन म्हणाला.

तेव्हापासून मी सांगते. लग्नात, सुपारीत, मातीला जमलेल्या बायकांत, हेळव्याचा विषय निघाला की मीच आधी बोलते. मल्लिकार्जुन पार भ्रमिष्ट झालाय, त्याला आता काही आठवत नाही, त्याला अंगणात बसवू नका. पुरावा नसताना त्याला खोटं ठरवत आले, आणि आता पुरावा असताना तेच करते आहे, ते मोठ्यानं आणि चारचौघांत. प्रत्येक वेळी लाज वाटते. माझं ऐकून आणखी तीन गावं बंद झाली आहेत. वैजनाथ मान डोलावतो. त्याला खरंच पटलं आहे, का तोही माझ्यासारखंच वरवर बोलतो, हे मला अजून समजलेलं नाही.

परवा चुलत्याच्या नातीच्या बारशाला गावी गेले होते. एका सोयरीणबाईनं विचारलं, यंदा आमच्या गावाला हेळवी का आला नाही. मी माझं नेहमीचं सुरू केलं. पण का कोण जाणे, वाक्य अर्ध्यावरच राहिलं. बाई माझ्या तोंडाकडं बघू लागली. माय पाळण्याशी बसली होती. आम्ही दोघी या गोष्टीवर आजवर एक शब्द बोललेलो नाही. तिनं पाळण्याची दोरी न सोडता माझं वाक्य पुरं केलं.

"हाव बाई," ती म्हणाली, "लई भ्रमला बिचारा. माझ्या बालाजीला म्हणं लेकरू हाय."

तिचा आवाज अगदी सरळ होता. सोयरीण हळहळली आणि दुसरं काही बोलू लागली.